धागा: दुसरं नाव कोणाचं लिहाल?

रामबागचा_ओटला | 14 नोव्हेंबर, रात्री 11:40

नमस्कार मंडळी. इथे बरेच दिवस नुसता वाचतोय, आज लिहायला बसलो.

गेल्या आठवड्यात पोटाच्या दुखण्यासाठी डॉक्टरांनी एन्डोस्कोपी सांगितली. तपासणी छोटीच, पण गुंगीचं इंजेक्शन देतात. म्हणून सोबत कोणीतरी लागतं आणि त्या दिवशी आपण गाडी चालवायची नसते. काउंटरवर फॉर्म दिला. सोबत येणाऱ्याचं नाव आणि नंबर, खाली आणखी एका व्यक्तीचं नाव आणि नंबर. पहिल्या ओळीत बायकोचं नाव लिहिलं आणि मग आठवलं, ती त्या आठवड्यात मुलीकडे पुण्याला असणार. ते खोडलं. दुसऱ्या ओळीवर पेन टेकवलं आणि तसाच बसलो. शाईचा ठिपका मोठा होत गेला. काउंटरवरची मुलगी म्हणाली, "अंकल, कोई भी चलेगा. कोई दोस्त."

माझ्या फोनमध्ये 600च्या वर नंबर आहेत. पीथमपूरला एकाच कारखान्यात 21 वर्षं झाली, कंपनीच्या बसमध्ये रोज पन्नास माणसं बरोबर असतात. पण कुठल्याच नावावर बोट थांबेना. कोणी नाही म्हणेल असं मुळीच नाही, कोणीही आलं असतं. पण त्याने विचारलं असतं, "का रे, काय झालं?" आणि मला सांगावं लागलं असतं की माझे बाबा पोटाच्या कॅन्सरने गेले आणि मी फार घाबरलोय. हे वाक्य ज्याला म्हणता येईल असा माणूस मी यादीत शोधत होतो.

फॉर्म घडी करून खिशात घातला, तारीख 27 करून घेतली आणि घरी आलो.

लहानपणी आम्ही इंदूरच्या रामबागेत राहायचो. वाड्याला ओटला होता. जेवणं झाली की बाबा, शेजारचे काका, समोरचे पोस्टातले काका तिथे येऊन बसायचे. फार बोलायचे असंही नाही. अडकित्त्याचा आवाज, मधेच एखादा हुंकार, कोणाच्या तरी बदलीची बातमी. बाबांना माझ्या आत्याच्या लग्नाच्या कर्जाचा घोर होता हे आईच्याही आधी त्या ओटल्याला माहीत होतं. आता 12 वर्षं निपानियाला मल्टीत राहतोय. सातवा मजला. शेजारच्यांचं आडनाव दारावरच्या पाटीमुळे माहीत आहे, एवढंच.

विचारायचं आहे ते हे. बायको, मुलं, सख्खे भाऊ-बहीण सोडून तुम्ही दुसरं नाव कोणाचं लिहाल? आणि त्या माणसाला मनातलं काही शेवटचं कधी सांगितलंत?

पोहे_जिरावण | 14 नोव्हेंबर, रात्री 11:58

27ला मी येतो. माझं ऑफिस विजयनगरला आहे, सुट्टी टाकतो. मनापासून म्हणतोय. उपाशी तुम्हाला राहायचंय, मी बाहेर बसून दोघांच्या वाटचे पोहे खाईन.

सुदामानगर_ताई | 15 नोव्हेंबर, सकाळी 9:10

दादा, मला वाचता वाचताच पाच नावं सुचली. भिशीतल्या दोघी, शाळेतली मैत्रीण, समोरच्या वहिनी, डब्याचा व्यवसाय माझ्याबरोबर करते ती. मग ह्यांना विचारलं. म्हणाले, "तू आहेस ना." म्हटलं, मी सोडून. बराच वेळ विचार करून म्हणाले, "बघू."

आमचे हे रोज साडेसातला पार्किंगमध्ये येतात. गाडी बंद होते, पण दार उघडत नाही. मी पोळ्या करत असते, खिडकीतून दिसतं. बारा मिनिटं, कधी वीस. आधी वाटायचं फोनवर असतील. एकदा दळण आणायला खाली उतरले, तर दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून समोरच्या भिंतीकडे बघत बसलेले. फोन बाजूच्या सीटवर पालथा. माझी हाक मारायची हिंमत झाली नाही. वर आल्यावर विचारलं, काय झालं? "काही नाही." 23 वर्षांच्या संसारात हे दोन शब्द मी सगळ्यात जास्त ऐकले असतील. इथले पुरुष सांगतील का, गाडीत बसून काय करत असतात?

हिशेबनीस | 15 नोव्हेंबर, सकाळी 10:32

ताई, मीही बसतो. सांगतो.

दिवसभर वरिष्ठांचं ऐकलेलं असतं. वर गेलं की आईची औषधं, पोराची फी, गॅसवाल्याचा फोन. कशाबद्दलच तक्रार नाही, माझंच घर आहे ते. पण त्या मधल्या दहा-पंधरा मिनिटांत मी कोणाचं काही देणं लागत नाही. दोन वर्षांपूर्वी आमच्याकडे माणसं कमी केली, त्यात माझं नाव होतं-नव्हतं अशी अवस्था चार महिने होती. घरी अक्षर बोललो नाही. रोज गाडीत बसून मनात तीच आकडेमोड. बचत इतकी, हप्ता इतका, म्हणजे किती महिने? तेच गणित रोज नव्याने करायचो, जणू आज उत्तर वेगळं येईल. नोकरी राहिली. बायकोला ते आजही माहीत नाही.

तुम्ही एक करा. खाली जा आणि शेजारच्या सीटवर बसा. काही विचारू नका.

उज्जैनचा_स्पष्टवक्ता | 15 नोव्हेंबर, दुपारी 1:15

माझं मत वेगळं आहे. राग मानू नका. हे एकाकीपण वगैरे आपल्याकडे बाहेरून आलंय. आपल्या आजोबांनी फाळण्या, दुष्काळ, मुलांचे मृत्यू पाहिले आणि घर चालवलं. त्यांनी मनातलं कोणाला सांगितलं? पुरुषाने घराचा खांब व्हायचं असतं. खांबच हलायला लागला तर वरचं छप्पर कोणी धरायचं? रामबागवाले दादा, तुम्ही तपासणी करून या, ठणठणीत निघाल. जास्त विचार केल्याने हे वाढतं.

मिलच्या_चाळीतला | 15 नोव्हेंबर, दुपारी 3:48

@उज्जैनचा_स्पष्टवक्ता, मी एका खांबाच्या हाताखाली वाढलोय, म्हणून लिहितो.

माझे वडील इंदूरच्या एका कापड मिलमध्ये साच्यावर होते. 1990च्या दशकात इथल्या मिल एकेक करून बंद पडत गेल्या, त्यांचीही पडली. मी नऊ वर्षांचा होतो. वडिलांनी त्या दिवशी घरी येऊन डबा मोरीत ठेवला, हातपाय धुतले आणि जेवले. बस्स. पुढे त्यांनी भाजीचा ठेला लावला, आम्हा तिघांना शिकवलं. खांब होतेच ते.

पण अनंत चतुर्दशीला मिलच्या झाँक्या, म्हणजे सजवलेले चित्ररथ, निघतात. मिल बंद झाल्या तरी त्या निघतच राहिल्या, इंदूरकरांना सांगायला नको. वडील दरवर्षी मला खांद्यावर घेऊन, नंतर हाताला धरून न्यायचे. त्यांच्या मिलची झाँकी आली की माझा हात इतका दाबायचे की बोटं पांढरी पडायची. दिवे त्यांच्या चेहऱ्यावरून सरकत जायचे आणि ते तोंडाने फक्त एवढंच म्हणायचे, "इस बार अच्छी बनाई है." घरी आले की न जेवता झोपायचे. आई पान वाढून वाट बघायची. दरवर्षी.

ते जाऊन सहा वर्षं झाली. त्यांच्या मनात काय होतं ते मला आजही फक्त माझ्या बोटांवरून माहीत आहे. त्यांनी कोणाला सांगितलं नाही हे खरं आहे साहेब. पण सांगायचं नव्हतं, असं मी म्हणू शकत नाही.

नंदानगर | 15 नोव्हेंबर, दुपारी 4:20

वर मिलचा विषय निघाला म्हणून. हुकुमचंद मिलच्या सुमारे 4,800 कामगारांच्या थकबाकीचे 224 कोटी रुपये द्यायचा कार्यक्रम 25 डिसेंबर 2023ला झाला. मिल बंद झाल्यावर तीस वर्षांनी. तोपर्यंत किती तरी जण गेले होते, पैसे घ्यायला मुलं आणि विधवा आल्या. पैशांची लढाई लढायला युनियन होती, वकील होते. हाताला काम नसलेल्या पन्नाशीच्या माणसाने दुपारी दोन वाजता कुठे जाऊन बसायचं, याची लढाई कोणीच लढलं नाही.

दांडियाबाजार_बडोदे | 15 नोव्हेंबर, संध्याकाळी 6:05

बडोद्याहून नमस्कार. ओटला शब्द वाचून आनंद झाला. आमच्याकडे गुजरातीत ओटलो, आणि बायका बसल्या की ओटला परिषद. पोळांमधून, म्हणजे जुन्या गल्ल्यांमधून, अजून थोडे ओटले शिल्लक आहेत, पण त्यावर आता स्कूटर उभ्या असतात.

थोडं विषयांतर. मी लहानपणी जुम्मादादा व्यायाममंदिरात जायचो. मल्लखांब, लेझीम, मालिश. एकमेकांना तेल चोळायचं, पडला तर उचलायचं, खांद्यावर उभं करायचं. त्या वयात आमच्या अंगाला रोज कुणाचा तरी हात लागायचा, आणि कोणाला त्यात काही वावगं वाटत नसे. आज माझ्या मुलाची जिम बघतो. आरसे भरपूर, प्रत्येकाच्या कानात इअरफोन. शरीरं आमच्यापेक्षा सुंदर आहेत पोरांची. पण कोणी कोणाला उचलत नाही.

सेवानिवृत्त_71 | 15 नोव्हेंबर, रात्री 8:44

स्पर्शाचं निघालं म्हणून लिहितो. इथे सगळे माझ्यापेक्षा लहान आहात, संकोच वाटतो, तरी लिहितो.

माझी पत्नी 2021च्या एप्रिलमध्ये गेली. ते दिवस कसले होते तुम्हाला आठवत असेल, शेवटचं तोंडसुद्धा नीट बघता आलं नाही. 36 वर्षं बँकेत काम केलं, चार शाखांमध्ये मित्र होते असं मी समजायचो. ती गेल्यावर सहा महिन्यांत कळलं की माझी सगळी नाती तिच्या हातातून जात होती. भाच्याचा वाढदिवस तिला आठवायचा, व्याह्यांना फोन ती लावायची आणि "घ्या, बोला" म्हणून माझ्या हातात द्यायची. मी फक्त बोलायचो. माझ्याकडे कोणाचा नंबरही पाठ नव्हता.

आता सांगतो ते हसण्यावारी नेऊ नका. मागच्या दिवाळीपर्यंत असे कित्येक महिने गेले की माझ्या अंगाला माणसाचा हात लागला तो फक्त न्हाव्याचा. तो दाढीनंतर डोक्याची चंपी करायचा. मी महिन्यातून एकदा जायचो, मग पंधरा दिवसांनी, मग दर आठवड्याला जायला लागलो. त्याने एकदा विचारलं, "बाबूजी, बाल तो हैं नहीं काटने लायक." मी म्हटलं, चंपीच कर. बहुतेक त्याला कळलं. त्या दिवसापासून तो हात पाच मिनिटं जास्त ठेवतो आणि पैसे तेवढेच घेतो.

दुसरं नाव विचारलंत. मी त्याचं लिहीन.

सुदामानगर_ताई | 15 नोव्हेंबर, रात्री 8:59

काका, तुम्ही राजेंद्रनगरच्या जवळपास राहत असाल तर रविवारी आमच्याकडे जेवायला या. आग्रहाचं आमंत्रण आहे.

अनामिक_भंवरकुआं | 16 नोव्हेंबर, मध्यरात्र 1:27

मी 24 वर्षांचा आहे. बुऱ्हाणपूरचा. एमपीपीएससीची, म्हणजे मध्य प्रदेश लोकसेवा आयोगाच्या परीक्षेची, तयारी करतोय, तिसरं वर्ष. भंवरकुआंजवळ खोली आहे आणि लायब्ररीत टेबल. लायब्ररी म्हणजे पुस्तकांची नाही, महिन्याच्या भाड्याने खुर्ची मिळते ती. तीन बाजूंनी प्लायवूड, वर ट्यूब. दहा तास बसतो. परवा लक्षात आलं की सबंध दिवसात माझ्या तोंडून एकच वाक्य निघालं होतं, "भिया, एक कट चाय." रात्री आईचा फोन येतो. जेवलास? जेवलो. अभ्यास? चालू आहे. ठेवतो.

आजूबाजूला हजारो मुलं माझ्यासारखीच आहेत हे मला दिसतं. पण तिथे कोणी कोणाला "मला झेपत नाहीये" म्हणत नाही, कारण शेजारच्या टेबलावरचा स्पर्धक असतो. रडायचं असेल तर नळ सोडून रडतो, भिंती पातळ आहेत.

माझ्याकडे पहिलंच नाव नाही.

मनाची_मशागत | 16 नोव्हेंबर, सकाळी 7:15

@अनामिक_भंवरकुआं, तू हे लिहिलंस ते फार बरं केलंस. मी मानसिक आरोग्याच्या क्षेत्रात काम करते. आधी तुझ्यासाठी: 14416 हा टेली मानसचा नंबर आहे. केंद्र सरकारची सेवा आहे, ऑक्टोबर 2022 पासून सुरू आहे, चोवीस तास आणि मोफत. मराठीत, हिंदीत, दोन्हीत बोलता येतं. "मला झेपत नाहीये" एवढंच म्हणालास तरी पुरे. आणि आपलं जगणं नकोसं वाटतंय असा विचार मनात आला असेल, तर आज, आत्ता फोन कर. मी हे सरळ विचारते आहे, कारण असं विचारल्याने कोणाच्या डोक्यात विचार घुसत नाही, उलट मोकळं व्हायला वाट मिळते.

आता इतरांसाठी. आपल्या भाषेत एकांत, एकटेपणा आणि एकाकीपणा असे तीन शब्द आहेत आणि तिन्हींचे अर्थ वेगळे आहेत. एकांत आपण मागून घेतो. एकटेपणा म्हणजे जवळ माणूस नसणं. एकाकीपणा भरल्या बसमध्येही असतो, रामबागवाल्या दादांनी लिहिला तो. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2025 सालच्या अहवालात जगातल्या दर 6 माणसांपैकी 1 जण एकाकीपणा अनुभवतो असं म्हटलंय, आणि तरुणांमध्ये तो जास्त आहे. बायकांनाही तो पुरुषांइतकाच गाठतो. फरक पुढे पडतो. बाई मैत्रिणीला सांगते, निदान आईकडे रडते. पुरुष माझ्याकडे येतात ते बहुतेक पाठदुखी, झोप नाही, छातीत धडधड किंवा "हल्ली फार चिडचिड होते" ही तक्रार घेऊन, आणि बहुतेकांना बायकोने पाठवलेलं असतं. नैराश्य पुरुषात अनेकदा रडण्याऐवजी राग आणि दारू होऊन बाहेर येतं, म्हणून घरच्यांनाही ओळखू येत नाही.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या 2022च्या आकड्यांत देशात 1,70,924 आत्महत्या नोंदल्या आहेत. त्यातले जवळपास 72 टक्के पुरुष. कौटुंबिक अडचणी आणि आजारपण ही दोन कारणं मिळून निम्म्या. @उज्जैनचा_स्पष्टवक्ता, या आकड्यातला कोणीही बाहेरच्या देशातला नाही.

उज्जैनचा_स्पष्टवक्ता | 16 नोव्हेंबर, सकाळी 11:02

आकडा माहीत नव्हता. मिलच्या चाळीतल्या दादांची पोस्ट रात्री दोनदा वाचली. खांबाचं म्हणालो ते मागे घेत नाही, पण खांबालाही पाया लागतो हे मान्य. सध्या एवढंच लिहितो.

तीन_वर्षं_कोरडा | 16 नोव्हेंबर, दुपारी 12:40

दारूचं वर आलं. आमची सात जणांची टोळी होती. दुसऱ्या पेगनंतर एकमेकांच्या गळ्यात पडायचो, "तू भाई है मेरा." सकाळी कोणी कोणाच्या डोळ्यात बघायचं नाही. रात्री बोललेलं सकाळी मोजायचं नाही हा अलिखित करारच होता. मी सोडली तेव्हा माझा मित्रपरिवारही सुटला, आणि मला पहिल्यांदा कळलं की मी कोरडा असताना त्यांच्यातल्या एकाशीही काही बोललेलो नाही.

मग मी अल्कोहोलिक्स अनॉनिमसच्या बैठकीला जायला लागलो. ही चळवळ अमेरिकेत 1935 साली दोन दारुड्या माणसांच्या गप्पांतून सुरू झाली, त्यातला एक डॉक्टर होता. नियम साधा आहे. एक जण बोलतो, बाकीचे ऐकतात, मधे कोणी तोडत नाही, सल्ला कोणी देत नाही. माझ्या चौथ्या बैठकीत साठीचे एक गृहस्थ उभे राहून म्हणाले, "मी माझ्या मुलाच्या लग्नात प्यायलो होतो, फोटोत मी नाहीये." आणि बसले. खोलीत पंखा तेवढा फिरत होता. नंतर शेजारच्याने त्यांच्यापुढे बिस्किटांची बशी सरकवली. मला त्या बशीने जे शिकवलं ते कशानेच शिकवलं नव्हतं. आपण एखाद्याचं ऐकतो आणि लगेच तोडगा काढायला धावतो. समोरच्याला बऱ्याचदा तोडगा नकोच असतो.

मेलबर्नहून_इंदुरी | 16 नोव्हेंबर, दुपारी 2:05

माझा जन्म लोकमान्यनगरचा, आता 15 वर्षं ऑस्ट्रेलियात. इथे 1990च्या दशकापासून 'मेन्स शेड' म्हणून प्रकार आहे. नावाप्रमाणे शेड. आत सुतारकामाची, लोखंडकामाची हत्यारं. निवृत्त, एकटे पडलेले, नोकरी गेलेले पुरुष येतात आणि मोडकी खुर्ची दुरुस्त करतात, शाळेसाठी खेळणी बनवतात. आता देशभर शेकडो शेड आहेत. त्यांचं म्हणणं असं की पुरुष समोरासमोर बसून बोलत नाही, खांद्याला खांदा लावून, हाताला काही काम असलं की बोलतो. मी एका शेडमध्ये शनिवारी जातो. शेजारी ग्रीक आजोबा असतात, त्यांच्याबरोबर पाटाला पॉलिश करताना मी माझ्या घटस्फोटाबद्दल पहिल्यांदा बोललो. त्यांनी पॉलिश थांबवलं नाही. थांबवलं असतं तर मीही थांबलो असतो.

आपल्याकडे हे होतंच की. गणपतीची आरास, झाँकीचं काम, कार्यालयात पंगतीला वाढणं. आरास करताना रात्रभर जागलेली माणसं काय काय बोलायची! आता आरासही कंत्राटाने होते.

पोहे_जिरावण | 16 नोव्हेंबर, दुपारी 2:31

सानंद संस्थेच्या नाटकाला आम्ही चौघे मित्र दर वेळी जातो. तीन तास अंधारात शेजारी-शेजारी. मध्यंतरात समोसा. निघताना "चांगलं होतं" म्हणून गाड्या काढतो. दहा वर्षांत एकमेकांच्या घरचं काही माहीत नाही. मागच्या वेळी एकाला अंधारात डोळे पुसताना पाहिलं. नाटकामुळे असेल म्हणून सोडून दिलं. आज हा धागा वाचून त्याला फोन केला. नाटक विनोदी होतं हो.

आजी_होणारी | 16 नोव्हेंबर, रात्री 9:20

मला एक कबूल करायचंय. माझे सासरे गेले तेव्हा माझा मुलगा आठ वर्षांचा होता. आजोबांचा फार लाडका. तो हमसून रडत होता, घरात माणसं भरलेली, आणि मी त्याला बाजूला घेऊन म्हटलं, "तू आता मोठा झालास. तू रडलास तर बाबांना कोण सांभाळणार?" त्याने शर्टाच्या बाहीला नाक पुसलं आणि थांबला. मला कौतुक वाटलं होतं. चार जणींना सांगितलंही, किती समजूतदार आहे म्हणून.

तो आता 31 वर्षांचा आहे, सून गरोदर आहे. गेल्या वर्षी त्यांचं पहिलं मूल पोटातच गेलं. सून माझ्या कुशीत रडली. त्याने हॉस्पिटलची बिलं भरली, चहा आणला, सगळ्यांना फोन केले. त्याला कोणी विचारलं नाही. मीसुद्धा नाही.

पुरुषांना कोण गप्प करतं असं विचाराल तर बऱ्याचदा आम्हीच. आज दुपारी त्याला लिहिलं, "तेव्हा तुला रडू नको म्हणाले ते माझं चुकलं." दोन निळ्या खुणा दिसतायत. उत्तर नाही अजून.

मालवी_मुक्ता | 16 नोव्हेंबर, रात्री 10:10

ताई, पूर्ण आदर ठेवून एक दुसरी बाजू मांडते. सगळं बाईवरच नको. आम्ही नवऱ्याचं ऐकायचं, मुलाचं ऐकायचं, सासऱ्यांचं ऐकायचं, आणि त्यांनी एकमेकांशी क्रिकेटवर बोलायचं. माझा नवरा माझ्याशी सगळं बोलतो, मला त्याचं समाधान आहे. पण मी त्याची एकुलती एक खिडकी आहे. मी आजारी पडले, माहेरी गेले, चिडले की त्याचा श्वास कोंडतो. मला ते ओझं होतं हे सांगायला नको का? पुरुषांनी पुरुषांशी बोलायला शिकावं. रामबागवाल्या दादांनी प्रश्नात "बायको सोडून" लिहिलंय, मला तेच सगळ्यात महत्त्वाचं वाटलं.

हिशेबनीस | 17 नोव्हेंबर, सकाळी 8:15

मुक्ताताईंचं पटलं. बायकोला काल रात्री चार महिन्यांचं सांगितलं. ती रागावली, म्हणजे खूपच. "मी कोण होते मग?" या प्रश्नावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. सांगून हलकं वाटतं म्हणतात, मला अजून तसं वाटत नाहीये. पण आज सकाळी डबा तिने रोजच्यापेक्षा गच्च भरलाय.

सुदामानगर_ताई | 19 नोव्हेंबर, रात्री 9:45

हिशेबनीस दादांनी सांगितलं तसं केलं. पोळ्या उरकून आधीच खाली जाऊन उभी राहिले, गाडी आली तशी शेजारी जाऊन बसले. ह्यांनी दचकून विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "काही नाही." पहिले दोन दिवस तसेच गेले. काल भिंतीकडे बघतच म्हणाले, "उजव्या कानाने ऐकू कमी यायला लागलंय. मीटिंगमध्ये अंदाजाने मान हलवतो." आठ महिन्यांपासून! मला वाटायचं, माझ्या बोलण्याकडे लक्ष देत नाहीत. किती भांडले मी त्यावरून. शनिवारी कानाच्या डॉक्टरांकडे जातोय.

आणि सेवानिवृत्त काका रविवारी आले होते. भंवरकुआंच्या पोरालाही बोलावलं होतं. काकांनी त्याला व्याजाची गणितं इतकी झरझर करून दाखवली की तो वही घेऊन बसला.

अनामिक_भंवरकुआं | 19 नोव्हेंबर, रात्री 11:05

वरण-भातावर तूप ताईंनी विचारल्याशिवाय वाढलं. जिन्यात जाऊन रडून आलो, नळ न सोडता. 14416 वर बोललो त्या रात्री, वीस मिनिटं. परत पुढच्या आठवड्यात बोलायचं ठरलंय. काका बुधवारी लायब्ररीखाली येतो म्हणाले, चहाला.

आजी_होणारी | 20 नोव्हेंबर, सकाळी 6:30

उत्तर आलं. पहाटे चारला. चार पानं आहेत. इथे लिहिणार नाही.

रामबागचा_ओटला | 27 नोव्हेंबर, रात्री 10:15

मंडळी, आज झाली तपासणी. जठराला सूज आहे, छोटा व्रण आहे, बायोप्सीचा रिपोर्ट अजून यायचाय, पण डॉक्टरांना दिसताना काळजीचं काही दिसलं नाही. औषधं सुरू केलीत.

दुसऱ्या ओळीत कोणाचं नाव लिहिलं ते सांगतो. समोरच्या पोस्टातल्या काकांचा मुलगा. ओटल्यावर आम्ही दोघं बाबांच्या पायाशी बसून पत्ते कुटायचो. सहा वर्षं बोललो नव्हतो. भांडण काही नाही. त्याची आई गेली तेव्हा माझी शिफ्ट होती, उद्या जाऊ म्हटलं, मग तेरावा होऊन गेला, मग कोणत्या तोंडाने जायचं म्हणून राहिलं ते राहिलंच. हा धागा वाचून वाचून 22ला नाही तर 23ला फोन लावला असता, पण @पोहे_जिरावण यांनी रोज मेसेज करून विचारलं, "मी सुट्टी टाकू की तुमचा माणूस मिळाला?" म्हणून 21लाच लावला. आधी काकूंचं बोललो. तो बराच वेळ गप्प होता. मग मी म्हटलं, 27ला एन्डोस्कोपी आहे, बाबांचं तुला माहीतच आहे, भीती वाटतेय. तो म्हणाला, "किती वाजता?"

सकाळी पावणेसातला आला. केस पांढरे झालेत त्याचे. गुंगीतून उठलो तेव्हा माझे बूट त्याच्या मांडीवर होते, पिशवी मिळाली नाही म्हणून तसेच धरून बसला होता. घरी सोडायला आला आणि मल्टीच्या पार्किंगमध्ये गाडी लावली. उतरलो नाही आम्ही. पाऊण तास बसलो, समोर भिंत. त्याचा थोरला मुलगा दीड वर्षापासून त्याच्याशी बोलत नाही. ते कसं झालं हे तो मला सांगत होता आणि मी आज सकाळच्या बिस्किटांच्या पुड्याचा कागद घडी करत, उलगडत ऐकत होतो. सल्ला दिला नाही, @तीन_वर्षं_कोरडा.

पुढचा रिपोर्ट 4 डिसेंबरला. तो येणार आहे.

मिलच्या_चाळीतला | 27 नोव्हेंबर, रात्री 10:40

बूट मांडीवर! दादा, काळजी घ्या. 4 तारखेला कळवा नक्की.

उज्जैनचा_स्पष्टवक्ता | 27 नोव्हेंबर, रात्री 11:20

4 डिसेंबरला मी कामासाठी इंदूरला आहे. सकाळी मोकळा आहे. तुमच्या मित्राला काही अडचण आली तर माझा नंबर निरोपातून पाठवतो, लिहून ठेवा.

पोहे_जिरावण | 27 नोव्हेंबर, रात्री 11:31

त्या रविवारी, 7 डिसेंबरला, सकाळी 7 वाजता रीजनल पार्कच्या गेटपाशी कोण कोण येतंय? एक चक्कर, मग पोहे. माझा नाटकवाला मित्र येतोय. सेवानिवृत्त काकांना आणायला मी गाडी घेऊन जाईन.

सेवानिवृत्त_71 | 28 नोव्हेंबर, सकाळी 5:50

येतो. बरोबर आणखी एकाला आणलं तर चालेल का? रविवारी त्याचं दुकान नऊला उघडतं.